खाजणीचा बिननावाचा दिवस

होड्या वर ओढून ठेवल्यात, किनाऱ्यावर चिटपाखरू नाही आणि समुद्र तर निवांत दिसतोय. हे बघून तुम्हाला नवल वाटलं असेल. पण आज पलीकडे जायला होडी मिळणार नाही, पाहुणे. काल जोडअवस होती. आभाळातला थोरला आणि धाकली, दोन्ही चंद्र काल काळे होते, म्हणून काल कुणी पाण्यात उतरलं नाही. आणि आजचा दिवस आमच्या पंचांगातच नाही. कालची तिथी आहे, उद्याची आहे. आजच्याला नाव नाही. आज मूल जन्मलं तर त्याला कालची तिथी लावतात.

मी या खाजणी गावची गाठकरी, म्हणजे दिवस मोजणारी. बसा, सांगते.

थोरला तीस दिवसांत भरून ओसरतो, धाकली तेवीस दिवसांत. दोघं एकाच दिवशी काळी व्हायला सहाशे नव्वद दिवस लागतात. तेच आमचं वर्ष. पण फार पूर्वी असं नव्हतं म्हणे. तेव्हा लोक एकट्या थोरल्यावर महिने मोजत. धाकलीला अवलक्षणी मानत. ती उगवली की बायका तोंड फिरवत. त्यामुळे समुद्र मधूनच कधीतरी कोसभर मागे का जातो आणि धावत परत येऊन माणसं का नेतो, ते कुणाला उमगत नसे. समुद्राच्या मनात आलं, एवढंच म्हणत.

त्या काळी गोजरा नावाची एक बाई इथे राहायची. तिचा नवरा खेमा लांबच्या कातळावर कालवं काढायला गेला आणि समुद्राने नेला. देहसुद्धा मिळाला नाही. दुसऱ्या दिवसापासून गोजरा एका दोरीला रोज एक गाठ मारू लागली. त्यात शहाणपण काही नव्हतं. तो जाऊन किती दिवस झाले, एवढंच तिला ठाऊक हवं होतं.

सहाशे नव्वदाव्या गाठीच्या दिवशी समुद्र पुन्हा तसाच मागे गेला आणि तिघांना घेऊन गेला. गोजराने आभाळाकडे पाहिलं. थोरला नव्हता, धाकलीही नव्हती. खेमा गेला त्या दिवशीही दोघं नव्हती. तिने नवी दोरी घेतली.

दुसरी दोरी भरत आली ते दिवस वाईट होते. दोन महिने जाळ्यात मासळी नव्हती. लोक रानातला पाला उकडून खात होते आणि लांबचा कातळ उघडा पडण्याची वाट बघत होते. गोजरा गावच्या खोताकडे, मुरारकडे गेली. म्हणाली, "परवा समुद्र मागे जाईल. कुणाला उतरू देऊ नका. तो परत येतो."

खोताने खूप विचार केला. शेवटी म्हणाला, "एक दिवस थांबा, एवढंच मी लोकांना सांगू शकतो."

तो दिवस उजाडायच्या आधी गोजरा अंगणात आली, तर पूर्वेला धाकलीची कोर. नखाएवढी, पण होती. म्हणजे दिवस आजचा नव्हता. ती घरात गेली आणि लेकीला, सगुणाला, हलवून उठवलं.

सगुणा दोरीकडे बघत राहिली. मग म्हणाली, "आई, तू तापात पडली होतीस तेव्हा एक गाठ मी मारली होती. तुला सांगायचं राहिलं."

आणि शुद्धीवर आल्यावर गोजरानेही त्याच दिवसाची गाठ मारली होती. एक गाठ जास्त. समुद्र उद्या येणार होता.

"चल, खोतांना सांगू," सगुणा म्हणाली.

गोजरा उठली नाही. दिवसभर गाव उपाशी बसलं. समुद्र शांत होता. संध्याकाळी लोक तिच्या अंगणात जमले. कुणी हसलं, कुणी शिव्या दिल्या. एक म्हातारा नुसता म्हणाला, "माझ्या नातवंडांनी काल खाल्लं नाही, आजही नाही." सगुणा पुढे झाली, तशी आईने तिचं मनगट दाबून धरलं.

"गप्प बस. आज येईल म्हटलं होतं, आता उद्या म्हटलं, तर दगड मारतील."

दुसऱ्या दिवशी समुद्र मागे गेला. कधी नव्हे इतका लांब. चाळीस माणसं टोपल्या घेऊन धावली. सगुणाने आईचा हात झटकला आणि ओरडत त्यांच्यामागे गेली. ज्यांना ऐकू गेलं ते वळले, खोतही वळला. कातळाच्या शेवटाला सात जण उरले होते, त्यांच्यापर्यंत ती पोचली म्हणे. किनाऱ्यावरून दिसत होतं. ती एका म्हातारीला उठवत होती. मग पाणी आलं.

तिसऱ्या प्रहरी गाव किनाऱ्यावर जमलं. ओल्या अंगाने खोत गोजराच्या पाया पडला. "आम्ही तुझं ऐकलं नाही, आणि तू पोटची पोर पाठवलीस आम्हाला वाचवायला."

गोजरा गप्प राहिली असती तर लोकांनी तिला देवी केलं असतं. तिने पाय मागे घेतले. म्हणाली, "मी पाठवली नाही. मोजणी चुकली ते मला काल पहाटेच कळलं होतं. ती सांगणार होती. मी तिला गप्प बसवलं."

कुणीतरी दगड उचलला होता, तो खाली ठेवला. खोत म्हणाला, "उद्यापासून पुन्हा मोज. दुसऱ्या कुणाला येत नाही."

तिला याहून मोठी शिक्षा झाली नसती. ती आणखी तीस वर्षं जगली म्हणतात, आमची लांब वर्षं नव्हेत, तुमच्याकडची. एक दिवस चुकवला नाही. प्रत्येक जोडअवसेनंतरचा दिवस तिने बिननावाचा ठेवला आणि त्या सकाळी ती घरोघरी जाऊन सांगायची, "माझी मोजणी चुकलेली असेल. आजही थांबा." पहिल्या वर्षी काही दारं उघडली नाहीत. ती बंद दारापुढे उभी राहून सांगायची.

आजही गाठकरीला हे सांगत प्रत्येक दारात जावं लागतं. माझ्या सासूमागे गेली सव्वीस वर्षं मी जाते. मोजणी माझी कधी चुकली नाही. तरी आज सकाळी पहिल्या दारात उभी राहिले, तेव्हा 'माझी मोजणी चुकलेली असेल' हे म्हणायला थोडा वेळ लागला.