वकिलापासून लपवलेली साक्ष

फार जुन्या काळी, नदीकाठच्या एका गावात येसबा नावाचा पानमळेवाला राहत असे. माणूस कष्टाळू, पण भारी संशयी. मांजर आडवं गेलं, तरी ते कोणी सोडलं याची तो चौकशी करी.

एकदा वरच्या मळेकऱ्याने पाटाचं पाणी आपल्याकडे वळवलं आणि पंचांनीही पाट त्याचाच ठरवला. येसबाने राजधानीत न्यायाधीशांकडे दाद मागितली आणि आपली बाजू मांडायला वकील नेमला.

वकिलाने विचारलं, "पाट मुळात खणला कोणी? ते पाहिलेलं कोणी हयात आहे का?"

होतं. येसबाची म्हातारी आत्या. येसबाच्या आजोबांनी पाट खणला, तेव्हा मातीच्या पाट्या तिने आपल्या डोक्यावरून वाहिल्या होत्या. येसबा सांगणार, तोच त्याला आठवलं, सकाळीच हा वकील समोरच्याच्या वकिलाशी हसून बोलत होता.

"वेळ आली की सांगेन," असं म्हणून तो घरी परतला.

वकिलाने निरोप धाडला. मग आणखी एक. येसबा बायकोला म्हणाला, "मी परगावी गेलोय म्हणून सांग."

"अहो, वैद्यापासून कोणी दुखणं लपवतं का? नाहीतर मी नेते आत्याबाईंना."

"तुला कोणी पढवलं हे?" येसबाने डोळे बारीक केले. बिचारीने तो विषयच सोडला.

सुनावणीला येसबा गेला खरा, पण तोंडाला उपरणं गुंडाळून गर्दीत मागे उभा राहिला. वकील कसा दगा देतो, ते त्याला डोळ्यांनी पाहायचं होतं.

वकील हात जोडून म्हणाला, "महाराज, निरोपावर निरोप धाडले, पण माझ्या पक्षकाराने मला काहीच सांगितलं नाही. मी बोलू कशाच्या आधारावर? तो इथे असेल, तर अजूनही त्याने पुढे यावं."

येसबाने पाय उचलला. लगेच मनात आलं, मला उघडं पाडायचा हा डाव तर नसेल? पाय जागीच थबकला.

न्यायाधीशांनी क्षणभर वाट पाहिली. "ज्याला स्वतःच्या दाव्याची काळजी नाही, त्याचा दावा आम्ही किती काळ सांभाळायचा? दाद फेटाळली."

तेव्हा कुठे येसबा गर्दी सारत धावला. "थांबा! माझ्या आत्याने पाहिलंय!"

न्यायाधीश उठून गेले होते. वकील थक्क होऊन म्हणाला, "आत्या आहे? आणि हे मला आज सांगता?"

"तुम्ही त्यांच्या वकिलाशी हसत होतात..."

"त्याला मुलगी झाली होती हो. आनंदाची बातमी ऐकून माणूस हसणार नाही तर काय?"

त्या उन्हाळ्यात येसबाचा हिरवागार पानमळा उभा वाळला. आत्या काठी टेकत बांधावर आली आणि कोरड्या पाटाकडे पाहून म्हणाली, "अरे, मला एका शब्दाने विचारलं असतंस, तर मी चालत आले असते." येसबाची मान वर झाली नाही.

तात्पर्य : ज्याच्या हाती आपली बाजू सोपवली, त्याच्यापासूनच सत्य लपवणाऱ्याला हरवायला शत्रू लागत नाही.