भाजलेल्या कैरीचं कालवण

आपल्या आजोबांच्या आजोबांनीही जी गोष्ट ऐकीवच सांगितली, ती ही. पूर्वी कधीतरी एका खाडीच्या टोकाला एक गाव होतं. एका अंगाला खारं पाणी, दुसऱ्या अंगाला घाटाची चढण. त्या गावात सासू, सासरा आणि दोन सुना असं एक घर होतं. मुलगे होडीवर लांब गेलेले. त्यांचं या गोष्टीत काही काम नाही, गेले ते बरंच झालं.

थोरली सून समुद्रकाठची, धाकटी घाटावरची. दोघी कामाला वाघीण आणि दोघी तोंडानं फटकळ. सासूला त्या आत्याबाई म्हणत.

एका वैशाखात आत्याबाईंनी अंथरूण धरलं. उन्हानं अंगातलं पाणी आटलं, तोंडाची चव गेली. भाताचं शीत जिभेवर ठेवलं तरी थुंकून टाकायची. वैद्य आला, नाडी बघितली आणि म्हणाला, "औषध माझ्याकडे आहे, पण रिकाम्या पोटी देऊन उपयोग नाही. अन्न गेलं तर म्हातारी पाऊस बघेल. नाही तर नाही."

म्हातारी डोळे मिटूनच बोलली, "माशाचं कालवण असेल तर खाईन."

झालं! दोघी सुना दोन चुलींपाशी बसल्या. खाडीतली ताजी बोय मासळी आणली होती, ती दोघींनी वाटून घेतली.

थोरलीनं ओला नारळ वाटून दूध काढलं. त्यात कैरीच्या फोडी टाकल्या, तिरफळं ठेचून घातली. धाकटीनं कांदा आणि सुकं खोबरं निखाऱ्यावर काळं होईस्तोवर भाजलं, तीळ घातले, मिरची सढळ हातानं घातली, वर चिंचेचा कोळ.

धाकटी थोरलीच्या मडक्यात डोकावून म्हणाली, "जाऊबाई, कालवण आहे की खीर?"

"आणि तुझं काय गं? तव्याची काजळी खरवडून घातलीस वाटतं!"

दोन्ही वाट्या म्हातारीपुढे गेल्या. तिनं हिच्यातला एक घास घेतला, तिच्यातला एक घास घेतला आणि भिंतीकडे तोंड केलं.

"कुणाचं चांगलं झालंय, आत्याबाई?" थोरलीनं विचारलं.

"हो, सांगा की, कुणाचं?" धाकटीनं विचारलं.

म्हातारीनं दोन्ही वाट्या हातानं लांब सारल्या.

सासरा ओटीवरून ओरडला, "अगं, भांडता कशाला? दोन्ही एकत्र करा की!"

पुरुषमाणसाला चुलीतलं कळत नाही, पण सल्ला द्यायला त्याला कोण अडवणार? दुसऱ्या दिवशी सुनांनी खरंच एकच मडकं चढवलं. पण आपलं कुणी सोडायला तयार नाही. थोरली म्हणाली कैरी पडलीच पाहिजे. धाकटी म्हणाली चिंच पडलीच पाहिजे. ओलं खोबरं पडलं, सुकंही पडलं. आंबटावर आंबट चढलं आणि नारळाचं दूध फाटलं. वर तेल, खाली चोथा, मधे बिचारी बोय.

म्हातारीनं ओठाला लावलं आणि ओकली. उरलेलं मांजरीपुढे ठेवलं. मांजरीनं वास घेतला आणि शेपटी वर करून निघून गेली.

त्या दिवसापासून म्हातारी पाणीसुद्धा नको म्हणू लागली. वैद्य हलक्या आवाजात म्हणाला, "मुलांना निरोप धाडा."

दोघी सुना घाबरल्या. चुलीपाशी बसल्या, पण कुणाचा हात चालेना. धाकटीनं उगाच एक तिरफळ उचललं आणि चावलं. जीभ बधिर झाली.

"अगं बाई! जाऊबाई, असलं का घालता हो?"

"घालतात म्हणून आम्हीही घालतो."

"पण का घालतात?"

थोरली आधी चिडली. मग म्हणाली, "बोयीला चिखलाचा वास असतो. तिरफळानं तो मरतो. असंच असेल. मला कधी कुणी विचारलंच नाही." मग तिनंही विचारलं, "आणि तू खोबरं का जाळतेस?"

"आमच्याकडे ओला नारळ कुठला? सुकं वर्षभर पडून असतं, खवट होतं. भाजल्याशिवाय वास जात नाही."

"मग इथं झाडाला नारळ लटकतायत, तरी तू सुकंच भाजतेस?"

धाकटी हसली. "भाजतो म्हणून भाजतो!"

एकदा विचारायची गोडी लागली की माणूस थांबत नाही. दोघी उठून म्हातारीपाशी गेल्या. या वेळी कुणाचं चांगलं हे नाही विचारलं. थोरली म्हणाली, "आत्याबाई, घास अडतो तो कशानं?"

म्हातारीनं डोळे उघडले. "तुझ्या कैरीनं दात आंबतात. हिच्या वाटणानं छातीत जाळ होतो. पण तुझं नारळाचं दूध गार वाटतं, आणि ही भाजायला बसली की त्या वासानं मला भूक लागते."

"मग आधी का नाही सांगितलंत?"

"विचारलंत कधी? तुमचं आपलं, कुणाचं चांगलं, कुणाचं चांगलं!"

धाकटी धावत चुलीशी गेली. निखाऱ्यात काय भाजावं? तिनं कैरीच भाजली, अख्खी, सालासकट. आतला गर मऊ झाला, आंबटपणा निवला. थोरलीनं तो गर नारळाच्या दुधात हळूहळू कालवला. तिरफळं मोजकी घातली. एक भाजलेला कांदा वाटून घातला आणि बोयीचे तुकडे सोडले. चिंच नाही, तीळ नाही, मिरची नावाला. दूध फाटलं नाही. मडकं ओल्या वाळूत ठेवून निवू दिलं, कारण उन्हाळ्यात गरम कशाला?

म्हातारीनं एक घास खाल्ला. तिनं दुसरा घेतला. मग उठून बसली आणि म्हणाली, "काटा काढून दे गं, मला दिसत नाही."

म्हातारीनं तो पाऊस बघितला आणि नंतरचे पुष्कळ पाऊस बघितले. हे कालवण थोरलीच्या माहेरी कुणी करत नव्हतं, धाकटीच्याही नाही. कुणी विचारलं की हे तुमच्यापैकी कुणाचं, तर दोघी एकदमच म्हणत, "बस, आधी जेव."

बोध: कुणाचं चांगलं हे भांडून ठरवण्याआधी, कोण काय करतं आणि ते का करतं, हे तोंडानं विचारावं.