जिताड्याचा पहारा

खाडीच्या काठाला एक गाव होतं. कुठलं ते विचारू नका, अशी गावं पुष्कळ आहेत. गावाच्या एका अंगाला खारं पाणी, दुसऱ्या अंगाला भाताची शेतं, आणि दोघांच्या मधोमध मातीचा बांध. बांध आहे म्हणून भात आहे, गोड्या पाण्याचं तळं आहे, घरं आहेत. बांध गेला की सगळं खारं. जमिनीत एकदा खार शिरला की पुढची कितीतरी वर्षं तिथं गवतसुद्धा धड उगवत नाही.

त्या गावच्या तळ्यात एक जिताडा होता. जिताडा म्हणजे खाडीतला मोठा मासा. अंगाने रुपेरी, खालचा जबडा पुढे काढलेला, कुणावर तरी रुसून बसल्यासारखा. एवढासा होता तेव्हा खाडीतून आणून तळ्यात सोडलेला, तो वाढून चांगला दोन हात लांब झाला होता. दुसऱ्या गावात असता तर कधीच कुणाच्या जावयाच्या ताटात गेला असता. पण या गावात त्याला कुणी खात नव्हतं. उलट गावच त्याला खाऊ घालत होतं. रोज एका घराची पाळी. ज्याची पाळी त्याने ओंजळभर जिवंत कोळंबी घेऊन पायरीवर बसायचं, जिताडा आपणहून येणार, खाणार, जाणार. पाळी चुकली तर दंड.

का? तर म्हणे जिताडा बांध राखतो.

फार पूर्वी एकदा उधाणाला बांध फुटला होता. तेव्हा एक जिताडा खाडीतून आला आणि त्या भगदाडात आपलं अंग घालून पडला. त्याने पाणी अडवलं, गाव वाचलं. तेव्हापासून तळ्यात एक जिताडा ठेवायचा. तो आहे तोवर बांधाला काही होत नाही. अशी ती गोष्ट.

आधी गावात दोन पाळ्या होत्या. एक जिताड्याची, एक बांधाची. भात कापून झालं की घराघरातून माणसं निघायची, चिखल आणायची, बिळं बुजवायची, खचलेला बांध उचलून घ्यायची. पण चिखल वाहायला अंग मोडतं, आणि कोळंबी टाकायला काही लागत नाही. हळूहळू बांधाची पाळी सुटली. जिताड्याची मात्र कधी सुटली नाही.

बांधाला अगदी लागून आंबीबायचं घर होतं. आंबीबाय विधवा, तोंडाने फटकळ, गावात कुणाला फारशी न आवडणारी. तिची लेक हौशी बाळंतपणाला माहेरी आली होती. दिवस भरले होते, पाय सुजले होते, सुईणीने सांगितलं होतं की हिला फार हलवू नका. घराच्या मागे बांध, पुढे भात. भात पोटरीला आलेलं, कणीस बाहेर पडायच्या बेतात. वर्षाचं खाणं सगळं त्या एका तुकड्यात.

भाद्रपदातली अमावास्या होती. त्या दिवशीचं उधाण मोठं असतं आणि भरती भर दुपारी येते. सकाळी आंबीबाय परसात गेली, तर बांधाच्या पायथ्याशी ओल दिसली. वाकून बघितलं तर चिंबोरीचं, म्हणजे खेकड्याचं, बीळ. मूठ जाईल एवढं. अजून खाडीला पाणी चढायचं होतं, तरी त्या बिळातून बारीक धार लागली होती.

पाणी नितळ होतं. आंबीबायने बोट बुडवून जिभेला लावलं. खारं!

ती तशीच उठून घराकडे धावली.

त्या दिवशी जिताड्याची पाळीही तिचीच होती. तिने कोळंबीची टोपली उचलली आणि तळ्यावर पळत गेली. म्हटलं, पाटील तिथंच असणार.

पाटील होते. तांडेल होता, म्हणजे मोठ्या होडीचा पुढारी. सुईण होती. आणखी चार रिकामी माणसं होती. पायरीवर बसून वाद चालला होता. कशावर? तर जिताड्याला जिताडा का म्हणतात!

पाटील सांगत होते, "आपल्या वाडवडिलांनी दर्याला जिंकलं. त्या जिंकण्याचा हा मासा, म्हणून जिताडा."

"काहीतरीच!" सुईण म्हणाली. "जिता म्हणजे जिवंत. माझ्या आईच्या गावात अंथरुणाला खिळलेल्या माणसाला याचं कालवण पाजायचे. माणूस उठून बसायचा."

"म्हणजे तुझी आई देवाचा मासा शिजवायची होय?" पाटील म्हणाले.

"आमच्या गावात तो देवाचा नव्हता. नुसता मासा होता."

तांडेल हसला. "अहो, पलीकडच्या बंदरात याला खजुरी म्हणतात. आता तिथं काय हा झाडावर चढून खजूर खातो? नावाचं काय घेऊन बसलात!"

"तांडेलदादा," आंबीबाय मध्येच बोलली, "बांधाला चिंबोरीचं बीळ पडलंय. धार लागली आहे. माणसं चला."

कुणी उठलं नाही. पाटलांनी मान वळवली.

"किती मोठं बीळ?"

"मुठीएवढं."

"मग एवढी का घाबरतेस? तो बघ." पाटलांनी तळ्याकडे बोट दाखवलं. पाण्याखालून रुपेरी पाठ सरकत गेली. "तो आहे ना राखायला."

"तो तळ्यात आहे, पाटील. बीळ बांधाला आहे."

"आंबे, तोंड सांभाळ. आज पाळी तुझी आहे. त्याला नीट पोटभर घाल, बांधाचं तो बघेल. उधाणं काय आजच येतात?"

सुईण म्हणाली, "लेक भरल्या दिवसांची आहे म्हणून हिचा जीव घाबराघुबरा झालाय. होतं असं बायकांचं."

आंबीबाय टोपली तिथेच टाकून परत पळाली. घरी येऊन तिने चिखलाचा गोळा केला, पेंढ्यात गुंडाळला आणि बिळात कोंबला. क्षणभर धार थांबली. मग गोळाच सुळकन बाहेर आला. दुसरा घातला, तोही आला. एका बाईच्या हाताने ते होणारं नव्हतंच. बीळ खाडीच्या अंगानेच बुजवायला हवं होतं, पाण्यात उभं राहून, रांगेने चिखल देऊन. त्याला सगळा गाव लागतो.

"आये, किती पाणी आहे गं?" हौशीने आतून विचारलं.

"काही नाही. तू पडून राहा."

"मला खोटं नको सांगू. आवाज येतोय मला."

आंबीबायने बिळाकडे बघितलं. आता धार मनगटाएवढी झाली होती. आणि पाणी गढूळ यायला लागलं होतं.

खाडीकाठच्या माणसाला याचा अर्थ सांगावा लागत नाही. नितळ पाणी म्हणजे नुसती गळती. गढूळ पाणी म्हणजे बांध आतून सुटायला लागला. भरतीला अजून अवकाश होता. पण भरती पुरी भरेपर्यंत बांध उभा राहणार नव्हता.

ती पुन्हा निघाली. या वेळी तिने खांद्यावर पाग घेतला, फेकायचं जाळं, आणि कमरेला कोयता खोचला.

तळ्यावर आता कुणी नव्हतं. माणसं न्याहारीला गेली होती. तिची कोळंबीची टोपली पायरीवर तशीच होती. तिने मूठभर कोळंबी पाण्यात सोडली. जिताडा आला. तो नेहमीच यायचा. माणसाची भीती त्याला कुणी शिकवलीच नव्हती. अगदी पायरीपाशी येऊन तो तोंड उघडझाप करायला लागला.

आंबीबाय पाग हातात धरून थांबली. लग्न होऊन आली तेव्हापासून आपल्या पाळीला ती त्याला खाऊ घालत होती. त्याच्या शेपटीजवळचा काळा डाग तिला पाठ होता. वर गावाचा धाक. बांध फुटला तर म्हणतील, हिनेच पहारा उठवला. राहिला तरी वाळीत टाकतील. पोरीचं बाळंतपण करायला सुईणसुद्धा दारात यायची नाही.

तिने बांधाकडे बघितलं. मग पाग फेकला.

मासा जड होता आणि जोराचा. तिला पार गुडघाभर पाण्यात ओढून नेलं त्याने. पण तिने सोडला नाही. पायरीवर ओढून आणला, "माफ कर रे बाबा," म्हणाली, आणि कोयता घातला. अर्धवट नाही. परत पाण्यात सोडता येईल असं काही तिला ठेवायचंच नव्हतं.

मग मासा पाटीत घातला, पाटी डोक्यावर घेतली आणि आळीआळीतून ओरडत सुटली, "जिताडा मेला! ऐका हो! जिताडा मेला! बांधावर आता कुणी नाही!"

भाकरी तव्यावर टाकून बाया बाहेर आल्या. पुरुष उष्ट्या हाताने बाहेर आले. पाटीतून रक्त ओघळून आंबीबायच्या कपाळावर आलं होतं. ते बघून एका म्हातारीने तोंडावर पदर धरला.

पाटील धावत आले. "भवाने! काय केलंस हे?"

"मारला."

"परत सोड! आत्ताच्या आत्ता पाण्यात सोड!"

"डोकं वेगळं आहे, पाटील. सोडून काय होणार?"

लोक तिच्या अंगावर धावले. कुणी केस धरले, कुणी पाटी खेचली. आंबीबाय ताठ उभी राहिली आणि असं ओरडली की पुढचे मागे सरले.

"आधी मला मारायचं की आधी बांध धरायचा, ते ठरवा! मी कुठे पळून जात नाही. पाणी मात्र थांबणार नाही. बघायचं असेल तर या. गढूळ येतंय!"

गढूळ हा शब्द ऐकला आणि सगळ्यांच्या माना बांधाकडे वळल्या. मग कुणीतरी बोललं, "अरे, आता राखायला कोण आहे?"

झालं. सगळा गाव बांधाकडे पळत सुटला. टोपल्या, पाट्या, पेंढा, घराची दारं, हाताला लागेल ते घेऊन. तांडेल सगळ्यात आधी खाडीच्या अंगाने पाण्यात उतरला. छातीभर पाण्यात पाच-सहा जणांनी बांधाला पाठ लावली. भगदाड आता टोपलीएवढं झालं होतं. तोंडाला एक दार उभं केलं, त्यावर पेंढा, त्यावर चिखल. बाया रांगेत उभ्या राहिल्या आणि गोळ्यामागून गोळा पुढे द्यायला लागल्या. चिखल लावावा आणि पाण्याने तो न्यावा, परत लावावा.

"जास्त पेंढा द्या! नुसता चिखल टिकत नाही!"

"पाटील, हात चालवा! नुसते बघताय काय?"

हे सुईण बोलली. पाटलांनी धोतर खोचलं आणि पाटी उचलली.

पाणी चढत होतं. तांडेलाच्या गळ्याला आलं. बांधाच्या माथ्याला चार बोटं राहिली. घराच्या मागच्या दारात हौशी बसली होती, पाय पसरून, पोट सांभाळत, आणि परसातल्या चिखलाचे गोळे वळून पोरांच्या हातात देत होती. आंबीबायने एकदा तिच्याकडे बघितलं आणि परत बघितलं नाही. बघितलं असतं तर तिचे हात थांबले असते.

मग एक वेळ अशी आली की पाणी ना चढत होतं, ना उतरत होतं. सगळे श्वास धरून उभे. तांडेल पाण्यातून बांधाच्या कडेची एक रेघ बघत होता. बराच वेळ बघून म्हणाला, "ओसरतंय."

बायका होत्या तिथे चिखलात बसल्या. कुणी रडलं, कुणी हसलं. भात उभं होतं.

अंगात जरा जीव आला तसे पाटील आंबीबायकडे वळले. "आता तुझं बघू. गावाचा राखणदार मारलास तू. याची शिक्षा..."

"करा शिक्षा," आंबीबाय म्हणाली. "पण पाटील, आधी एवढं सांगा. भरती आली तेव्हा जिताडा माझ्या पाटीत होता, डोकं वेगळं, धड वेगळं. मग बांध राखला कुणी?"

पाटलांनी आपल्या हातांकडे बघितलं. त्यांच्या कोपरापर्यंत चिखल होता.

गावातली सर्वांत जुनी म्हातारी, मघाशी जिने तोंडावर पदर धरला होता, ती आता बोलली. "मी सांगते. माझ्या सासूने तो बांध फुटलेला बघितला होता. तेव्हाही माणसंच उभी होती पाण्यात, एकमेकांना धरून. सकाळी चिखल बघितला तर त्यात एक जिताडा अडकून मेलेला. बिचारा भरतीबरोबर आत येत होता, आणि यांनी चिखल टाकला."

"मग हे कधी सांगितलं नाहीस ते?" तांडेलाने विचारलं.

"सांगितलं की. नातवंडांना सांगत होते. पण माशाची गोष्ट सांगितली की पोरं मांडीला मांडी लावून ऐकतात. माणसांची सांगायला लागले की उठून पळतात. मग मीही माशाचीच सांगत गेले. त्या माणसांची नावंसुद्धा आता माझ्या ध्यानात नाहीत." आणि म्हातारीला रडू आलं.

त्या संध्याकाळी आंबीबायने जिताडा शिजवला. मोठ्या टोपात, आंबट घालून. पाण्यात उभ्या राहिलेल्या सगळ्यांना बोलावलं. पहिल्यांदा कुणी हात पुढे करेना. मग तांडेल ताटावर बसला, सुईण बसली. पाटील बराच वेळ दाराशी उभे होते. शेवटी आले आणि खाली मान घालून जेवले. शिक्षेचं पुन्हा कुणी काढलं नाही, आणि हौशीचं बाळंतपणही त्याच सुईणीने केलं. पण खरं सांगायचं तर आंबीबायला तो घास गेला नाही. तिने भाकरी मिठाशी खाल्ली.

पुढच्या वर्षी गावाने तळ्यात नवं पिल्लू सोडलं. सोडायचं की नाही यावरही भांडण झालं, पण सोडलं. पाळी पुन्हा सुरू झाली. फक्त आता पाळीवाल्याने आधी बांधाला एक पाटी चिखल घालायचा, बिळं बघायची, आणि मगच कोळंबीची टोपली उचलायची. हे राखायचं काम आंबीबायकडे. तिच्या तोंडाला सगळे घाबरत, म्हणून ते नीट चालत असे.

एकदा एका पोराने तिला विचारलं, "आज्जी, पाटील म्हणतात जिताडा म्हणजे जिंकणारा. सुईणआजी म्हणते जिवंत. खरं काय गं? जिताडा म्हणजे काय?"

"मासा," आंबीबाय म्हणाली. "चल, पाटी उचल."

तात्पर्य काय, तर ज्याची गोष्ट सांगायला गोड लागते त्याच्यावर आपलं काम सोपवून मोकळं होऊ नका. बांध माणसांनीच घातला, तो माणसांनीच राखायचा असतो.