चांदीचा वर्ख आणि एक अभद्र शब्द

एका राज्यात सभ्यतेचा फार सुकाळ होता. निघालेल्या पाहुण्याला तिथे कोणी 'जा' म्हणत नसे, 'या' म्हणत. ओसरीवर चढलेल्या कुत्र्यालाही 'या'च म्हणत, त्यामुळे कुत्रा हलत नसे.

त्या राज्याच्या नदीत शेवाळ माजले. एका मांत्रिकाने मिठाईवरचा चांदीचा वर्ख पाण्यात सोडला. त्याचे चंदेरी मासे झाले. त्यांनी शेवाळ खाल्ले, मग इतर माशांच्या तोंडचा घास खाल्ला. वल्ह्याचा आवाज झाला की ते पुरुषभर उंच उडत आणि नावेतल्या माणसांवर आदळत. गिरजा नावाडिणीचा नवरा एका सकाळी घाईत 'जातो' म्हणून निघाला आणि त्या धडकेने बुडाला. नाव तेवढी परत आली.

राजाने माशांना मानाची शाल दाखवून तीनदा वाजतगाजत निरोप दिला. दर वेळी हात जोडून म्हणाला, "या आता." दर वेळी मासे दुप्पट झाले. शालीचा रंग चुकला, असा पंडितांनी निर्वाळा दिला. अखेर राजाने हुकूम काढला: अमावास्येला घाट बंद, नावा मोडीत.

नवऱ्याची म्हणून गिरजेकडे ती नावच उरली होती. ती खंड्या पक्ष्याकडे गेली. नदीत खायला काही न उरल्याने खंड्या उपाशी होता, म्हणून थोडक्यात बोलला.

"गिरजाबाई, कामे तीन. मासा न मारता त्याचा खवला मिळव. आवाज न करता नदीच्या मधोमध पोच. तिथे खवला सोड आणि इथे कोणी म्हणत नाही तो शब्द म्हण."

"कुठला शब्द?"

"मीही इथलाच. माझ्या तोंडून कसा निघेल?"

खवला नावेच्या फळीलाच चिकटलेला होता, नवरा बसे त्या जागी. तिने तो नखाने सोडवला. अंगावरची गोधडी फाडून वल्ह्यांना गुंडाळली. भर दुपारी ती मधोमध पोचली, तेव्हा पाण्याला कळलेदेखील नव्हते.

खवला सुटताच हजारो डोळे वर आले. शब्द तिला केव्हाच कळला होता. तो म्हणायला ती धजेना. तसलाच शब्द बोलून गेलेला माणूस तिने पाहिला होता. तरी ती ताठ उभी राहिली आणि हळूच म्हणाली,

"जा."

सगळे मासे एकदम उसळले. गिरजेने मान खाली घातली नाही. तिच्या डोक्यावर हवेतच त्यांचा वर्ख झाला आणि वाऱ्याने उडून गेला. खाली पाण्यात एक जुनी मरळ मासळी सावकाश वळली. खंड्याने बोलणे सोडून सूर मारला.

घाट उघडा राहिला. राजाने गिरजेला ती शाल पांघरली. पंडितांनी रंग उत्तम असल्याचे सांगितले.

"येते, महाराज," गिरजा म्हणाली.

राजाने आधी नदीकडे नीट पाहून घेतले, मग म्हणाला, "या."