शेठची वरची मूठ

अरे थांब, जाऊ नकोस, आधी हे ऐक. गोष्ट फार फार जुनी आहे, डोंगर अजून रांगत होते तेव्हाची समज. पण मला ती आत्ता समोर घडल्यासारखी दिसतेय.

एका राज्यात एक तळं होतं. इतकं शांत, की दमलेले ढग त्यात उतरून झोपायचे. तळ्यातून एक पाट निघायचा आणि गावागावांतून वळत वळत पार धुक्यात नाहीसा व्हायचा.

पाटावरच्या पहिल्या गावात एक धान्याचा व्यापारी होता. सगळे त्याला शेठ म्हणायचे. माणूस एकदम दिलदार. माप भरून झालं तरी वर एक मूठ घालणारच. "असू दे, घरी लेकरं आहेत," म्हणायचा. त्याच्या दुकानातून कुणी नकार ऐकून परत गेलंय, असं कधी झालंच नाही.

हे राजाच्या कानावर गेलं. त्याने शेठला बोलावलं आणि तळ्याचा कारभारी केलं. "प्रत्येक गावाला त्याच्या पाळीचं पाणी मिळालं पाहिजे. जमेल?"

"महाराज, जन्मभर मापंच तर भरतोय."

झालं. आठवड्याभरात शेजारी हजर. "शेठ, पाळी संपली, पण कोपऱ्यातला ऊस राहिला बघा. पाटाचं दार जरा उघडं ठेवा की. का मोठे झालात आणि ओळख विसरलात?"

शेठ हसला. दार जरा उघडं राहिलं. मग दुसऱ्या गावचे आले, मग तिसऱ्या. शेठने सगळ्यांना थोडं थोडं वर दिलं. हार इतके पडले, की मान दुखायला लागली.

तळ्यात एक म्हातारा बगळा उभा असायचा. तो म्हणाला, "शेठ, पाणी माझ्या गुडघ्याला होतं. आता बोटांना आलंय."

"एवढ्याशाने काय होतंय? लोक खूश आहेत."

"आलेले खूश आहेत. न आलेल्यांचं काय?"

शेठला ते लागलं. सकाळी तो पाटाच्या कडेने चालत निघाला. पाणी बारीक होत गेलं, मग नुसती ओल, मग धूळ. धुक्याच्या आत एक गाव होतं, त्याने कधीच न पाहिलेलं. एक बाई पिवळ्या पडलेल्या भातात बसली होती.

"मागायला का नाही आलात?" शेठने विचारलं.

"मागायचं कशाला? पाळी आमचीच होती."

शेठने घरून धान्याच्या गाड्या मागवल्या. बाईने पदर पसरला. "हे घेते, शेठ. हे तुमचं आहे. पाणी तुमचं नव्हतं."

त्या दिवसापासून दार वेळेवर बंद व्हायला लागलं. शेजारी म्हणाले, "खुर्ची मिळाली, माज आला." त्याच्या ओसरीवर कुणी बसेना. पुढच्या वर्षी धुक्यातल्या गावात भात डोलत होता, पण तिथून हार घेऊन कुणीच आलं नाही. स्वतःच्या हक्काचं मिळालं म्हणून हार कोण घालतं?

तात्पर्य काय, तर आपल्या घरातलं दिलं तर ते दान, पण सगळ्यांचं असलेलं आपल्या माणसांना जास्त दिलं, तर ते न आलेल्याच्या ताटातून उचललेलं असतं.

आता खरं सांग. रोजचा शेजारी दारात उभा आहे, ओळख विसरलात का म्हणतोय. तू काय केलं असतंस?