तहानेची शेवटची तारीख

वच्छलाबाई ढेंबरे बावीस वर्षं गावच्या टाकीचं पाणी सोडत होत्या, पण नेमणूक दर तीन महिन्यांनी नवी. शेवटी कायम करा म्हणून त्या कोर्टात गेल्या.

नगरपालिकेचे मुख्याधिकारी गुर्मीत म्हणाले, "काम तात्पुरतं आहे. आणि नेमणुका करणं कोर्टाचं काम नव्हे!"

"खरं आहे," न्यायाधीश म्हणाले. "बाई, नोकरी मी देऊ शकत नाही."

"मग नका देऊ, साहेब. माझ्या प्रत्येक ऑर्डरवर शेवटची तारीख असते. तशी गावाच्या तहानेची शेवटची तारीख यांनी लिहून द्यावी. त्या दिवसापासून मी घरी बसते."

न्यायाधीशांनी कोरा कागद मुख्याधिकाऱ्यांपुढे सरकवला. "उत्तर मागणं मात्र माझं काम आहे. लिहा."

मुख्याधिकाऱ्यांनी पेनचं टोपण काढलं, पुन्हा लावलं, पुन्हा काढलं. वच्छलाबाई ताठ मानेनं उठल्या. "त्यांचं चालू द्या. मला चारला पाणी सोडायचंय."