वाऱ्याकडची पेठ

फार फार पूर्वीची, म्हणजे उंट बोलत असत आणि राजे ऐकत असत, तेव्हाची ही गोष्ट. लहानांनी यातलं उंटाचं बोलणं खरं मानावं. मोठ्यांनी माणसांचं बोलणं खरं मानून बघावं, म्हणजे किती घोळ होतो ते कळेल.

एका वाळवंटात एक लहानशी पेठ होती. चारी बाजूंना वाळूच्या टेकड्या, मध्ये खोलगट जागा आणि त्या जागेत पन्नास-साठ मातीची घरं. शेजारी एक खारं तळं होतं. उन्हाळ्यात तळं आटे आणि तळाशी पांढरं मीठ उरे. लोक ते खरवडून गोण्या भरत. उंटांचा तांडा धान्य घेऊन येई आणि मीठ घेऊन जाई. पेठेत स्वतःचा असा एक दाणा पिकत नसे. तांडा आला तर चूल पेटायची, नाही आला तर पोटाला फडकं बांधायचं.

एका वर्षी मोठं वादळ झालं आणि तांड्यांची जुनी वाट वाळूखाली गडप झाली. तांडे यायचे थांबले. पेठेतल्या कणग्या हळूहळू रिकाम्या होऊ लागल्या. तिकडे राजवाड्यात आमटी अळणी व्हायला लागली, तेव्हा कुठे राजाला त्या पेठेची आठवण झाली. पोट कोणाचंही असो, आठवण तिथूनच सुरू होते.

राजाने आपल्या चिटणिसाला बोलावलं. म्हणाला, "त्या मिठाच्या पेठेला जा. ती कुठे आहे, कधीपासून आहे, कशावर जगते, सगळं लिहून आण. मग धान्याचा तांडा तूच घेऊन जा."

चिटणिसाचं अक्षर मोत्यासारखं होतं आणि त्याला ते माहीत होतं. ऐकलेला शब्द जसाच्या तसा उतरवायचा, काना-मात्रेचाही फरक करायचा नाही, हा त्याचा बाणा.

तो उंटावर बसून निघाला आणि काळ्या खडकापर्यंत पोहोचला. तो खडक सगळ्यांना ठाऊक होता. त्याच्यापुढे मात्र नुसती वाळू. सुदैवाने तांड्याची वाट बघत पेठेतला एक माणूस तिथे आला होता. त्याने उंटाची दोरी धरली. वारा समोरून असा सुटला होता की चिटणिसाने तोंडाला फडकं गुंडाळलं, डोळे गच्च मिटले आणि दोन्ही हातांनी खोगीर धरून ठेवलं. उंटाचे डोळे तेवढे उघडे होते.

पेठेत पोहोचल्यावर चिटणिसाने दौत-लेखणी काढली. गावचा कारभारी आला. विहिरीवरची म्हातारीही आली. विहिरीच्या तोंडाशी साठलेली वाळू रोज टोपलीने उपसून टाकायची, हे तिचं काम होतं.

"ही पेठ किती वर्षांची?" चिटणिसाने विचारलं.

"तीन विहिरी झाल्या. आता चौथी चालू आहे," कारभारी म्हणाला.

"एक विहीर म्हणजे किती वर्षं?"

"खारी होईपर्यंत."

"खारी व्हायला किती वर्षं लागतात?"

"ते विहिरीवर आहे."

चिटणीस गोंधळला, पण त्याने लिहिलं: पेठेचं वय साडेतीन विहिरी. पुढे त्याने विचारलं, "पेठेच्या पूर्वेला काय आहे?"

"वाळू."

"आणि पश्चिमेला?"

"तीच वाळू. कालपर्यंत तिकडे होती, आज इकडे आली," म्हातारी म्हणाली. "अरे बाबा, पूर्व-पश्चिम इथे कोण विचारतं? इथे दोनच बाजू. एक वाऱ्याकडची, एक वाऱ्यामागची."

"बरं. मग काळ्या खडकापासून इथे यायचं कसं, तेवढं सांगा."

"सोपं आहे," म्हातारी म्हणाली. "खडकाशी उभं राहायचं, वाऱ्याकडे तोंड करायचं आणि नाकासमोर एक दिवस चालायचं."

कारभाऱ्याने मान डोलावली. शेजारी उभ्या असलेल्यांनीही डोलावली. चिटणिसाने ते वाक्य लिहिलं, त्यांना वाचून दाखवलं आणि खाली रेघ मारली. एवढं तरी एक सरळ वाक्य मिळालं म्हणून त्याला बरं वाटलं.

कारभारी म्हणाला, "आमच्याकडे चार महिन्यांचं धान्य उरलंय. त्याच्या आत या. खडकाशी आमचा माणूस उभा करू का?"

"कशाला? सगळं लिहून घेतलंय," चिटणीस म्हणाला.

निघताना म्हातारीने त्याच्या हातात एक भाकरी ठेवली. ती तिची त्या दिवसाची भाकरी होती. म्हणाली, "नीट ने लेका तो कागद. आमचं पोट आहे त्यात."

परतीच्या वाटेवर वारा पाठीशी होता. पेठेतला माणूस पुढे चालत होता आणि चिटणीस उंटावर बसून आपला मजकूर पुन्हा पुन्हा वाचत होता.

आता तुम्हाला एक गोष्ट सांगायला हवी, जी चिटणिसाला कोणी सांगितली नाही. त्या वाळवंटातला वारा वर्षातून दोनदा तोंड फिरवतो. सहा महिने एका बाजूने येतो, सहा महिने दुसऱ्या बाजूने. पेठेतली माणसं त्याच्याबरोबर आपलं बोलणंही फिरवत. आता जी वाऱ्याकडची बाजू, तीच पुढे वाऱ्यामागची. पाण्याला पातळ म्हणावं इतकं त्यांना ते उघड वाटे, म्हणून कोणी बोललं नाही. त्यांनी लपवलं असं म्हणवत नाही. सांगितलं असंही म्हणवत नाही.

चार महिने भरायला थोडे दिवस असताना चिटणीस चाळीस उंटांवर धान्य लादून काळ्या खडकाशी पोहोचला. वारा फिरून महिना झाला होता. चिटणिसाने कागद उघडला, वाचला, वाऱ्याकडे तोंड केलं आणि म्हणाला, "चला."

त्याचा उंट जागचा हलेना. "या वाटेनं मी कधी आलो नाही," उंट म्हणाला.

"तुला लिहिता येतं का?"

"नाही."

"वाचता?"

"नाही. पण गेल्या वेळी माझे डोळे उघडे होते."

"गेल्या वेळी वारा तोंडावर होता की नाही?"

"होता."

"आताही तोंडावर आहे की नाही?"

"आहे," उंट म्हणाला आणि चालू लागला. त्यालाही पटल्यासारखं झालं आणि पटलंही नाही. उंटाच्या जागी तुम्ही असतात तर काय बोलला असतात?

एक दिवस गेला. पेठ आली नाही. चिटणीस म्हणाला, लादलेले उंट हळू चालतात. दुसरा दिवस गेला. तो म्हणाला, पेठ खोलगट जागेत आहे, जवळ गेल्याशिवाय दिसायची नाही. तिसऱ्या दिवशी पाण्याच्या पखाली निम्म्या झाल्या होत्या. तो सारखा कागद बघत होता. कागदात चूक नव्हती. पेठच चुकली असावी, असं त्याला वाटू लागलं होतं. चौथ्या दिवशी उंट खाली बसला.

"ऊठ," चिटणीस म्हणाला.

"तो कागद खिशात ठेव आणि माझी दोरी सोड. मग उठतो."

चिटणिसाने दोरी सोडली. उंट उठला आणि उलटा फिरला. तांडा त्याच्या मागोमाग निघाला. खडकाशी परत यायला चार दिवस लागले, तिथून पेठेत जायला आणखी एक.

पेठेत एकाही घरातून धूर येत नव्हता. दारं उघडी होती आणि उंबऱ्यांवर वाळू चढली होती. कारभारी दिसेना. मुलांचा आवाज नाही, कोंबडं नाही. विहिरीशी म्हातारी तेवढी टोपलीने वाळू उपसत होती.

"आजी, माणसं कुठे गेली?"

"ठरल्या दिवसानंतर चार दिवस वाट बघितली. पोरं रडायला लागली, तेव्हा काल उठले आणि गेले. कोणी कुठे, कोणी कुठे. विहीर सोडली तर बुजते, म्हणून मी राहिले."

चिटणीस वाळूत बसला. त्याने कागद काढला आणि ते वाक्य तिला वाचून दाखवलं.

म्हातारीने नीट ऐकलं. "बरोबर लिहिलंयस. मी असंच सांगितलं होतं."

"मग मी चुकलो कुठे?"

"अरे, तेव्हा वारा तिकडून होता. आता इकडून आहे."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"तू विचारलंस का? आणि मला तरी काय ठाऊक, की कागदावरचा वारा फिरत नाही म्हणून?"

चिटणिसाने कागदाची घडी घातली. तिच्या प्रश्नाचं उत्तर मला इतक्या वर्षांत सुचलेलं नाही. कधी वाटतं चूक त्याची, कधी वाटतं तिची, आणि ती भाकरी आठवली की कोणालाच बोल लावावासा वाटत नाही.

चाळीस उंटांचं धान्य त्या रिकाम्या पेठेत उतरवलं गेलं. चिटणिसाने माणसांचा माग काढायचा प्रयत्न केला, पण पावलं वाळूने पुसली होती. पुढे वर्षभरात सात घरं परतली. बाकीची परतली नाहीत. त्यांना परत बोलवायला जायचं तर ती कुठे गेली हे माहीत हवं होतं, आणि ते कोणालाही सांगता आलं नाही.

बोध एवढाच: शब्द टिपून घेतला म्हणजे अर्थ कळला, असं नव्हे.